न वाजणारे दागिने

वर्तमानपत्रांच्या पुरवण्यांमधली 'ऑफिस लूक'ची सदरे मी गेली काही वर्षे कापून वहीत चिकटवत आले आहे. याला कोणी संशोधनाचा विषय म्हणणार नाही, आणि मीही विद्यापीठाच्या वाटेने इथवर आलेली नाही. पण वही जाड होत गेली तशी एक गोष्ट लक्षात येत गेली. सल्ला बहुतेक ठिकाणी एकच असतो. कानात लहान टॉप्स, गळ्यात एक बारीक साखळी, एका हातात घड्याळ, दुसऱ्यात फार तर एक कडे. कानात झुबे असतील तर गळा मोकळा. सोने आणि चांदी शक्यतो एकत्र नको. पर्स आणि चपला एकमेकींना ओळख देतील अशा रंगाच्या. साखळी कॉलरच्या आत जाणार असेल तर ती न घातलेलीच बरी.

या सल्ल्याशी माझे भांडण नाही. नजरेला ठरायला एकच जागा द्यावी, हे रांगोळी काढणारीलाही कळते. भांडण आहे ते त्यामागे दिल्या जाणाऱ्या कारणाशी. ही सदरे सांगतात की कमी घालणे म्हणजे अभिरुची, आणि ती आपल्याकडे अलीकडे आली. म्हणजे ठुशी, चिंचपेटी, गोठ-पाटल्या, तोडे अंगावर वागवणाऱ्या आपल्या आज्या-पणज्यांना ती नव्हती असे ओघानेच आले. माझे म्हणणे असे की मराठी बाईच्या अंगावरचे दागिने कमी झाले ते अभिरुचीमुळे नव्हे. ती रस्त्यावर आली, आणि रस्त्यावरच्या परक्या माणसाने आपल्याला किती वाचावे हे ठरवण्याची तिला गरज पडली, म्हणून ते कमी झाले.

जुना दागिना वाचण्यासाठीच होता. बाई कुठली, कोणाची, कोणत्या जातीची, नवरा आहे की नाही, घरी किती आहे, हे सगळे तो तोंड न उघडता सांगे. हे पाहायचे तर ऑटो रॉथफेल्ड या इंग्रज अधिकाऱ्याचे भारतीय स्त्रियांवरचे पुस्तक चाळावे. १९२०च्या आगेमागे मुंबईच्या तारापोरवाला प्रकाशनाने काढलेल्या या पुस्तकासाठी रावबहादुर एम. व्ही. धुरंधरांनी चित्रे काढली. धुरंधरांचा हात मोठा होता. मोत्याचा सर कुठे वळतो, चांदीचा जाड कडा मनगटावर कसा टेकतो, हे त्यांना नेमके दिसे. पण पुस्तकाची मांडणी प्रांत आणि जाती यांवर बेतलेली. चित्रे एकामागून एक पाहताना मला बऱ्याच बायका एकाच घरातल्या वाटतात. त्यांना वेगळे करते ते नेसण आणि दागिने. राजा रवि वर्म्याच्या १८८९च्या वादक स्त्रियांच्या चित्रातही थोडे असेच आहे. देशाच्या निरनिराळ्या भागांतल्या बायका एकत्र बसल्या आहेत, आणि कोण कुठली ते आपण आधी कापडावरून आणि सोन्यावरून ओळखतो, चेहऱ्यावर नंतर येतो. चित्रकाराचा यात दोष नाही. समाज असाच वाचत होता.

फिलाडेल्फियाच्या स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयातला १८८५चा फोटो अनेकांनी पाहिलेला असेल. आनंदीबाई जोशी साडीत, जपानच्या केई ओकामी किमोनोत, सीरियाच्या सबात इस्लामबूली आपल्या देशी पोशाखात. अभ्यासाला, प्रेतांच्या चिरफाडीला या तिघी अशाच नटून जात असतील असे मला वाटत नाही. तो पोशाख कॅमेऱ्यासाठी होता. तिथल्या लोकांना 'हिंदुस्थान', 'जपान', 'सीरिया' असे वाचता यावे म्हणून.

याच आनंदीबाईंचा आणि काशीबाई कानिटकरांचा एक प्रसंग स्त्रीसाहित्याच्या इतिहासात वारंवार सांगितला जातो. पायात बूट घालून आणि हातात छत्री घेऊन त्या रस्त्याने निघाल्या तेव्हा लोकांनी त्यांच्यावर दगड मारले. मला या प्रसंगात रस आहे तो वस्तूंमुळे. छत्री आणि बूट यांत सोने नाही, नटणे नाही. तरी दगड पडले, कारण त्या वस्तू बाहेर पडणाऱ्याच्या होत्या आणि बाहेर पडणारा पुरुष असे. घराबाहेर पडणाऱ्या मराठी बाईची पहिली 'ॲक्सेसरी' माझ्या मते छत्री आहे. पुरवण्यांतल्या एकाही सदरात मला ती भेटलेली नाही.

आता महाड. डिसेंबर १९२७च्या सत्याग्रह परिषदेला जमलेल्या अस्पृश्य स्त्रियांसमोर डॉ. आंबेडकरांनी स्वतंत्र भाषण केले. त्यात शिक्षण आहे, मुलांचे संगोपन आहे, आणि त्यांच्याच बरोबरीने लुगडे आणि दागिने आहेत. तुमची नेसण आणि तुमचे दागिने ही तुमच्या अस्पृश्यतेची खूण झाली आहे, ती पुसा, असा त्या बोलण्याचा गाभा. गळाभर माळा आणि कोपरापर्यंत चढवलेले चांदी-कथिलाचे अलंकार उतरवा. गळ्यात एक पुरे. घालायचेच तर सोन्याचे घाला, नाही तर घालू नका. लुगडे पायघोळ नेसा. त्याच मुक्कामात काही स्त्रियांनी नेसण बदलली असे परिषदेच्या हकिकतींत येते.

कमी दागिने घाला असे सांगणारा इतका धारदार मजकूर मला मराठीत दुसरा माहीत नाही. त्याला सौंदर्यशास्त्र म्हणून कोणी वाचत नाही, आणि ती चूक आहे असे मला वाटते. काय दिसावे आणि काय दिसू नये याचा तो विचारच आहे. चांदी-कथिलाचे दागिने स्वस्त होते म्हणून ते उतरवायला सांगितले नव्हते. ते परक्या माणसाला लांबूनच जात सांगत होते, आणि तो त्या अंतरावरूनच कसे वागायचे ते ठरवत होता. दागिना उतरवला की त्याला जवळ यावे लागणार, विचारावे लागणार. एवढ्या मधल्या वेळात बाई पुढे निघून जाऊ शकते.

ही वरच्या जातींची नक्कलच नव्हे का, असा प्रश्न विचारला जातो. पायघोळ लुगडे आणि गळ्यात एकच अलंकार ही नेसण-लेवण कोणाची होती ते उघड आहे. प्रश्न खोटा नाही. पण ज्यांच्या अंगावरची खूण त्यांच्यावर लादली गेली होती त्यांच्यासाठी न ओळखू येणे हीच पहिली मिळकत होती. आवड-निवड त्यानंतरची.

यानंतर नोकरी. मनगटी घड्याळ युरोपात सुरुवातीला बायकांचा दागिना मानले जाई. पुरुष खिशातले घड्याळ वापरत आणि मनगटावरच्याला हसत. पहिल्या महायुद्धात खंदकात खिसा चाचपण्याची सोय नव्हती, तेव्हा ते पुरुषांच्या हातावर आले. आपल्याकडे उलटे झाले असे मला दिसते. इथे ते पुरुषाची, साहेबाची वस्तू म्हणून आले आणि मग बाईच्या हातावर चढले. १९६१ साली बंगळुरूला एचएमटीने जपानच्या सिटिझन कंपनीच्या सहकार्याने घड्याळे बनवायला घेतली आणि हळूहळू ते मध्यमवर्गाच्या आवाक्यात आले. जुन्या बाजारातून मी शाळांचे ग्रुप फोटो घेत असते. पुढच्या रांगेत खुर्च्यांवर शिक्षिका बसलेल्या; पदराला पिन, हात मांडीवर, आणि डावा हात बहुधा वर. घड्याळ दिसले पाहिजे. त्याच हातातल्या बांगड्या मागे सरकवलेल्या किंवा नाहीतच. एवढी सारखी बैठक फोटोग्राफरने बसवली असेल असे वाटत नाही.

घड्याळ बांगडीच्या जागी आले याचा एक परिणाम कोणी फारसा नोंदवत नाही: हात वाजेनासा झाला. जुने दागिने दिसत तसेच ऐकूही येत. बांगड्यांच्या आवाजावरून सून स्वयंपाकघरात आहे की माजघरात हे सासूला बसल्या जागी कळे. पैंजण, जोडवी, घुंगरांचे तोडे हे सगळे चालणाऱ्या बाईची बातमी पुढे पाठवणारे. कचेरीत हे चालत नाही. लिहिताना बांगडी टेबलाच्या कडेला घासते, टाइपरायटरच्या कळांवर आपटते, फळ्यावर खडूबरोबर वाजते. परिचारिकेला तर मनगटावर घड्याळसुद्धा अडचणीचे, म्हणून ते छातीवर उलटे टाचायची पद्धत पडली. आज जे 'सटल' म्हणून विकले जाते ते मी हातात घेते तेव्हा आधी हलवून बघते. ते वाजत नाही. बारीक कडे एकच असते, कानातले कानाच्या पाळीला घट्ट बसते, साखळीला लोंबते काही नसते.

बाकीची कारणे थोडक्यात सांगते, कारण ती सगळ्यांना माहीत आहेत. गर्दीत लांब मंगळसूत्र ओढले जाते, म्हणून ते आखूड झाले किंवा पदराच्या, ओढणीच्या आत गेले. मोठे झुबे लोकलमध्ये दुसरीच्या केसांत अडकतात. १९६३च्या सुवर्ण नियंत्रणात चौदा कॅरेटपेक्षा जास्त कसाचे नवे दागिने घडवायला बंदी आली. सोनारांच्या पोटावर पाय आला आणि थोडक्यात भागवण्याला देशसेवेचा शिक्का मिळाला. 'रजनीगंधा' (१९७४) आणि 'छोटी सी बात' (१९७६) या बासू चटर्जींच्या चित्रपटांतली विद्या सिन्हा डोळ्यांपुढे आणा. ती साधी दिसते ती गरीब म्हणून नव्हे, कामाला निघालेली म्हणून. आणि इरावतीबाई कर्वे, ज्या पुण्यात स्कूटर चालवत आणि कुंकू-मंगळसूत्र वापरत नसत, त्यांनी तर सौभाग्याची बातमीही परक्याला द्यायचे नाकारले. इतके कमी करणे सगळ्यांना परवडणारे नव्हते. कर्व्यांचे घर पाठीशी असावे लागते.

पुरवण्यांना हा इतिहास नको असतो, आणि तिथेच माझी खरी तक्रार आहे. कारण काढून टाकले की उरते ती नुसती खूण, आणि तीही परत जात-वर्ग वाचण्याच्याच कामाला लागते. २०२१ मध्ये बुल्गारी या इटालियन कंपनीने भारतासाठी मंगळसूत्र काढले: अठरा कॅरेट सोने, काळे ऑनिक्स, हिरे, नाजूक, कुठल्याही शर्टावर चालेल असे, आणि किंमत साडेतीन लाखांच्या घरात. २०२३ मध्ये 'क्वाएट लक्झरी' हा शब्द सगळीकडे झाला. 'सक्सेशन' मालिकेतल्या अब्जाधीशाची बिनबोधचिन्हाची टोपी किती महागडी आहे यावर लेख आले. आता कमी घालणे म्हणजे फक्त आपल्यासारख्यांनाच वाचता येईल असे घालणे. महाडला ते वाचता येऊ नये म्हणून होते.

माझ्या वहीतल्या सदरांमधले काही शब्द मी लाल पेनने खुणावले आहेत: भडक, गावठी, बटबटीत, झगझगीत. समोर कोण आहे पाहा. घरातली पहिली नोकरी करणारी मुलगी मुलाखतीला जाते. आईने हौसेने एक ग्रॅम सोन्याचा मुलामा दिलेला सेट घेऊन दिलेला असतो, कानातले-गळ्यातले-अंगठी जुळणारे. त्या घरात जुळणारा पूर्ण सेट ही पहिल्यांदा परवडलेली गोष्ट आहे. टेबलापलीकडची बाई, जिच्या कानात एकेक खडा आहे, ती एका नजरेत ओळखते. सदरलेखिका या मुलीला सेट फोडायला सांगते, आणि व्यवहार म्हणून मीही तेच सांगेन: कानातले ठेव, गळ्यातले काढ, घड्याळ बांध, केसांना लावायचा चाप काळा घे. पण हे तुझ्या अभिरुचीत खोट आहे म्हणून नाही, पलीकडच्या बाईला तुझे घर वाचू द्यायचे नाही म्हणून, हेही तिला सांगायला हवे. त्या वाक्याने मुलगी खुर्चीत वेगळी बसते.

पुरुषांचे मी इथे फारसे लिहिले नाही; भिकबाळी गेली आणि हल्ली हौसेने परत आली, तो निराळा लेख होईल. एकच वस्तू सांगते. गावोगावच्या आंबेडकर पुतळ्यांच्या निळ्या कोटाच्या खिशाला पेन असते. अनेकदा पुतळा ओबडधोबड असतो, हाताची बोटे नीट उतरलेली नसतात, पण पेनाची क्लिप चुकलेली मी पाहिलेली नाही.

मध्य रेल्वेच्या बायकांच्या डब्यात कानातली विकणाऱ्या बायका चढतात. पुठ्ठ्यावर टोचलेले टॉप्स, दहा-वीस रुपयांना जोडी. घाटकोपरपासून ठाण्यापर्यंत पुठ्ठा हातोहात फिरतो, मोबाइलच्या पडद्यात कान बघून घेतले जातात, शेजारचीला विचारले जाते. 'हे जास्त होतंय का गं?' असे विचारणारी बहुधा नोकरीला नवी असते, आणि उत्तर देणारी तिला ओळखतही नसते. विकणारीच्या स्वतःच्या दोन कानांत दोन वेगळे नमुने असतात, आणि दोन्ही हातांत काचेच्या बांगड्या. गर्दीतून ती पुढे सरकते तेव्हा आधी त्या ऐकू येतात, आणि बायका पर्स उघडायला लागतात.