बादाम म्हणजे शेंगदाणा

भुबन बड्याकर यांचे ‘काचा बादाम’ २०२२ साली प्रथम ऐकले, तेव्हा अनेकांप्रमाणे मीही बदामच समजलो. बंगालीत ‘बादाम’ म्हणजे शेंगदाणा. बीरभूम जिल्ह्यातले हे फेरीवाले पैंजण, बांगड्या, नकली सोन्याच्या साखळ्या मोडीत घेऊन कच्चे शेंगदाणे देत. गाणे म्हणजे त्या देवघेवीची जाहिरात; आपल्या बोहारणीच्या आरोळीच्याच जातकुळीची. ती कुणीतरी मोबाइलवर टिपली, पुढे तिला यंत्राचा ताल जोडला गेला, आणि नाचणाऱ्यांनी शब्द सोडून ठेका तेवढा उचलला.

नंतर बड्याकर म्हणाले, आपण आता कलाकार, शेंगदाणे विकणार नाही. लोक चिडले, त्यांना माफी मागावी लागली. गाण्याहून मला हा प्रसंग महत्त्वाचा वाटतो. चित्रफितीतली त्यांची प्रतिमा दुसऱ्याने टिपलेली. ‘मी कलाकार’ हे म्हणणे मात्र त्यांचे स्वतःचे. नेमके तेच आपल्याला खपले नाही.

जात्यावरच्या ओव्या गोळा करताना मीही कित्येक बायकांची नावे लिहून घेतली नाहीत. ‘लोकगीताला कर्ता नसतो’ असे तेव्हा मी ठामपणे सांगत असे. कर्ता होता, मी विचारले नव्हते.