कोपीतल्या पोरांचा सिनेमा

दसरा-दिवाळी झाली की बीड जिल्ह्यात शिरूर कासार, पाटोदा, धारूर, वडवणी या भागातली गावं ओस पडू लागतात. मुकादमाची उचल घेतलेला कोयता, म्हणजे नवराबायकोची जोडी, ऊसतोडीला फडावर जातो. पोरं आजीपाशी नाहीतर हंगामी वसतिगृहात राहतात, काही आईबापांबरोबर फडावरच्या झोपडीत, म्हणजे कोपीत. मोबाइल हाती आला की ती 'छोटा भीम', 'मोटू पतलू', 'डोरेमॉन' लावतात आणि त्यातलं हिंदी घडाघडा बोलून दाखवतात. मराठीतलं तसं काही त्यांना ठाऊक नसतं, कारण ते जवळजवळ नाहीच.

आणि तरीही गेल्या वीस वर्षांत मराठी सिनेमानं लहान मुलांना जेवढं पडद्यावर आणलं तेवढं भारतातल्या फार थोड्या भाषांनी आणलं असेल. मंगेश हाडवळे यांच्या 'टिंग्या'तला पोरगा चितंग्या बैलासाठी जिवाचं रान करतो. सोलापूर जिल्ह्यात, बार्शीकडच्या अमर देवकरांनी 'म्होरक्या' केला. त्यातल्या मेंढपाळाच्या मुलाला प्रजासत्ताक दिनाच्या परेडचं पुढारपण हवं असतं. 'एलिझाबेथ एकादशी', 'म्होरक्या', 'सुमी', 'नाळ 2' या सगळ्यांना सर्वोत्कृष्ट बालचित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 1953 च्या अत्र्यांच्या 'श्यामची आई'पासून चालत आलेली ही वाट आहे, आणि ती अभिमानाची आहे.

पण या यादीतले किती सिनेमे मुलांसाठी आहेत? बरेचसे मुलांविषयी आहेत. मोठा माणूस मागे वळून आपलं बालपण बघतो, गरिबी बघतो, मृत्यू बघतो, आणि डोळे पुसतो. परेश मोकाशींचा 'एलिझाबेथ एकादशी' मला यात सर्वांत सरस वाटतो. वडिलांनी बनवलेली सायकल विकली जाऊ नये म्हणून कार्तिकी वारीत दुकान मांडणाऱ्या पोरांची ती गोष्ट. त्यात घरातली ओढाताण पुरती आहे, पण पोरांची युक्ती आणि हसणं तिच्यावर मात करतं. आठ वर्षांचं पोर ती आपली गोष्ट म्हणून बघतं.

संथ सिनेमा मुलांना कळत नाही, असं निर्माते म्हणतात. ते खोटं आहे. अविनाश अरुण यांच्या 'किल्ला'ला 2014 साली बर्लिनमध्ये क्रिस्टल बेअर दिला तो मुलांच्याच परीक्षक मंडळानं. मुलांची समज कमी पडत नाही. कमी पडते ती आपली कल्पनाशक्ती. मराठी बालचित्रपट वास्तवाच्या बांधावरून खाली उतरायला तयार नाही. बोलणारा कावळा नाही, चालणारं झाड नाही. सई परांजपे यांनी 'जादू का शंख'सारखे सिनेमे केले, पण हिंदीत.

ॲनिमेशनचं तर विचारूच नका. दादासाहेब फाळक्यांनी 1915 मध्ये 'आगकाड्यांची मौज'मध्ये काड्या नाचवल्या. प्रभातनं 1934 मध्ये 'जंबू काका' हा व्यंगचित्रपट केला. त्यानंतर 'प्रभो शिवाजी राजा' यायला 2018 साल उजाडलं. कारण उघड आहे. सेकंदाला 24 चौकटी धरल्या तर दीड तासाला 1,29,600 चौकटी होतात. एवढ्या कष्टाचा पैसा मराठी तिकीटबारीवर निघत नाही, म्हणून मराठी चित्रकारांचे हात दुसऱ्या भाषांच्या मालिका रंगवतात. ज्या संस्थेनं हा भार उचलायचा ती 1955 ची बालचित्र समिती 2022 मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली.

भाषा लहान म्हणून असे सिनेमे होत नाहीत, असंही म्हणता येणार नाही. फिनलंडची लोकसंख्या 55 लाखांच्या आसपास, म्हणजे बीडसारखे दोन जिल्हे. तिथल्या लीसा हेल्मिनेन या दिग्दर्शिकेनं मुलांसाठी ॲनिमेशन केलं आणि 2004 मध्ये 'पेलिकनमॅन' हा सिनेमाही केला. एक पेलिकन पक्षी माणसाचे कपडे घालून शहरात राहायला येतो. मोठ्यांना तो माणूसच वाटतो. त्याला ओळखतो तो आईवडील वेगळे झालेला एमिल नावाचा मुलगा. मुलाच्या पोटातलं दुःख इथंही आहेच, पण ते पक्ष्याच्या पंखावर बसून येतं. तिथं सरकारी पाठबळावर चालणारी चित्रपट संस्था 1969 पासून आहे. मराठी बोलणारे तर आठ कोटींहून अधिक आहेत.

चित्रातून सांगायची रीत आपल्याला परकी नाही. अंबाजोगाईच्या दासोपंतांनी लांबलचक कापडावर, म्हणजे पासोडीवर, अक्षरं आणि आकृत्या मांडून पंचीकरणाचं तत्त्वज्ञान समजावलं. त्या पासोडीच्या जिल्ह्यात, आईबाप फडावर गेलेल्या पोराची गोष्ट अजून कुणी रंगांत मांडलेली नाही. ती रडकी करू नका. त्या पोराला रात्री उसाच्या गाडीवर बसून उडू द्या, बैलाला बोलू द्या, आणि बोलणं बीडचंच असू द्या.

राज्य सरकार मराठी चित्रपटांना अनुदान देतं. त्यात बालचित्रपट आणि ॲनिमेशन यांचा वेगळा वाटा ठरवावा, आणि तयार झालेला प्रत्येक सिनेमा हंगामी वसतिगृहांत पडदा लावून आधी दाखवावा.