पेटीतले शीर : कुमार रामसे यांचे पटकथालेखन

भयपट म्हटला की आपली समीक्षा नाक मुरडते. रामसे बंधूंचे नाव तर चेष्टेनेच घेतले जाते. दिव्याच्या चाळीत वर्गणी काढून, भाड्याचा व्हिडिओ आणून आम्ही त्यांचे चित्रपट रात्र रात्र पाहिले. तुलसी आणि श्याम ही दिग्दर्शकांची नावे लक्षात राहिली. पटकथा लिहिणारे थोरले भाऊ कुमार मात्र नाही. जुलै 2021 मध्ये ते वारले, तेव्हा हे ऋण ध्यानात आले.

फाळणीनंतर कराचीहून मुंबईत आलेले, रेडिओचे दुकान चालवणारे हे कुटुंब. ‘एक नन्ही मुन्नी लड़की थी’ (1970) पडला. पण त्यातल्या मुखवटाधारी दरोड्याच्या प्रसंगाला प्रेक्षक येत होते. त्यातून धडा घेऊन ‘दो गज ज़मीन के नीचे’ (1972) निघाला. कॅमेरा, ध्वनी, संकलन, सारे घरातच. बडे नट परवडत नसल्याने कथेलाच नायकाचे काम करावे लागे. कुमार यांनी पुढे ‘और कौन?’ (1979) आणि ‘दहशत’ (1981) यांची निर्मितीही केली.

त्यांच्या लेखनाचे बळ आणि उणीव दोन्ही ‘पुराना मंदिर’मध्ये (1984) दिसतात. राजाने सामरी या सैतानाचे शीर उडवले. शीर पेटीत आणि धड दुसरीकडे ठेवले. मरताना सामरीने शाप दिला, की या घराण्यातली प्रत्येक स्त्री बाळंतपणात मरेल. म्हणून ठाकूर मुलीच्या प्रेमाला विरोध करतो, पण कारण सांगायला कचरतो. भीतीचे मूळ वडीलधाऱ्यांच्या मौनात असते, हे या लेखकाला नेमके कळले होते. वैर पुरुषांचे आणि शिक्षा बायकांना, हा व्यवहार आपल्या घरांना काही नवा नाही.

पण शेवटी सामरी जळतो आणि प्रश्न मिटतो. मौन पाळणाऱ्या बापाला कोणी जाब विचारत नाही. जिच्या जिवावर शाप आहे, ती मुलगी केवळ किंचाळते. सामरी निरपराध नाही, हे खरे. परंतु अनिरुद्ध अग्रवाल यांची उंची आणि चेहरा हीच दुष्टतेची खूण ठरते. पाप सारे कुरूपाच्या पदरात टाकले की हवेली निर्दोष सुटते. वस्तीचे नाव ऐकताच भाडे नाकारणारा रिक्षावाला आम्ही पाहिला आहे. ज्याला कधी पाहिलेच नाही, त्याच्या चेहऱ्याला तो भीत असतो. असे चेहरे गोष्टींतूनच तयार होतात. म्हणूनच भयपटाच्या लेखकाकडे हसून दुर्लक्ष करणे योग्य नव्हे.

कुमार रामसे यांनी प्रेक्षकाला बंद पेटीपाशी नेले, हे त्यांचे श्रेय. पेटी बंद करणाऱ्यांची झडती घेणारी पटकथा मात्र त्यांच्या पुढच्यांनी लिहायला हवी.