‘अगेन्स्ट द टाइड’ : निरीक्षणात्मक माहितीपटाचे बळ आणि मर्यादा

सर्वनिक कौर यांचा ‘अगेन्स्ट द टाइड’ (२०२३) हा माहितीपट मुंबईतील दोन कोळी मित्रांचे जीवन निरीक्षणात्मक शैलीत टिपतो. एक मित्र किनाऱ्यालगत पारंपरिक मासेमारी करतो. दुसरा कर्जबाजारी होऊन खोल समुद्रातील एलईडी मासेमारीकडे वळतो. रापणकर व पर्ससीनधारक यांचा संघर्ष अनुभवलेला मालवणचा प्रेक्षक येथे सहजच खलनायक शोधेल. परंतु कॅमेरा दोन्ही घरांत सारख्याच संयमाने थांबतो आणि घटत्या मासळीची झळ दोघांनाही बसताना दिसते. हेच या शैलीचे बळ होय. मात्र केंद्र शासनाने २०१७ मध्ये एलईडी मासेमारीवर बंदी घातली असता ती समुद्रात का पाळली जात नाही, हे केवळ निरीक्षणातून उलगडत नाही. निरीक्षण माणूस समजावते. उत्तरदायित्व निश्चित करण्यासाठी विश्लेषणाचीच जोड हवी.