'स्मृतिचित्रे'तील नदी

नदीकाठच्या बालपणावरील लेख वाचताना आम्हांला एक गोष्ट नेहमी खटकते. बहुतेक लेखांत नदी निर्मळ असते, बालपण निरागस असते आणि गावातले दुःख वेशीबाहेर ठेवलेले असते. पोटासाठी गाव सोडून पिंपरी-चिंचवड, चाकण परिसरात स्थिरावलेल्या आमच्यासारख्यांना हा मोह अधिकच होतो. आळंदीत इंद्रायणीवर तरंगणारा फेस पाहिला की मागे राहिलेल्या गावची नदी आठवणीत दुप्पट स्वच्छ होते. अशा वेळी लक्ष्मीबाई टिळकांच्या 'स्मृतिचित्रे'ची (१९३४-३६) आरंभीची पाने पुन्हा वाचावीत.

लक्ष्मीबाईंचे माहेर नाशिकजवळचे, गोदाकाठचे जलालपूर. १८५७च्या धामधुमीत आजोबांना फाशी झाली आणि त्या धक्क्याने वडिलांना सोवळ्याचे वेड लागले. बाजारातून आणलेली चीजवस्तू धुतल्यावाचून घरात यायची नाही, असा त्यांचा दंडक. त्यामुळे त्या घरात पाण्याचा धाकच अधिक. लक्ष्मीबाई मात्र वडिलांना दोष देत बसत नाहीत, की स्वतःची कीव करीत नाहीत. हा सारा जाच त्या हसत हसत सांगतात, आणि त्या विनोदाआड वडिलांच्या मनावरचा घाव आपल्याला दिसत राहतो. तारीखवार हकिकत शोधणाऱ्याची येथे निराशा होईल. माणसे शोधणाऱ्याची होणार नाही.

बालपणीचे हे चित्र पुढील कथनातही सोबत करते. १८९५ मध्ये रेव्ह. टिळकांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला. त्यानंतरची ताटातूट सोसल्यावर, जातिभेद माणसानेच निर्माण केला आहे, हे लक्ष्मीबाई स्वतःच्या विचाराने ओळखतात, कोणाच्याही हातचे अन्नपाणी घेण्याचे ठरवतात आणि १९०० मध्ये बाप्तिस्मा घेतात. लहानपणी ज्या पाण्याने माणसे दूर लोटली, तेच आता जवळ करते. हे नाते त्या उलगडून सांगत नाहीत; प्रसंगामागून प्रसंग सांगत जातात. म्हणूनच ते मनाला पटते.

लक्ष्मीबाई कॅथलिक नव्हत्या. तरीही आपल्या धर्मग्रामांतील वडीलधाऱ्यांनी त्यांच्याकडून एवढे अवश्य घ्यावे. आपल्यापैकी अनेकांच्या वाडवडिलांना गावच्या पाणवठ्यावर मज्जाव होता. नदीतले डुंबणे जरूर लिहावे. पण तिच्या काठी कोणाला कोठे उभे राहावे लागे, तेही लिहावे. नातवंडांना स्वच्छ नदी दाखवणे आपल्या एकट्याच्या हाती नाही. खरी नदी सांगणे मात्र आहे.