कॅमेरा साक्षी असेल, पण अकर्ता असतो का?

निरीक्षणात्मक माहितीपटाबद्दल आपल्यात एक समज पक्का झालेला आहे. निवेदन नाही, कॅमेरा नुसता पाहतो, म्हणून ते खरं. हा समज आज आपण शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांच्या ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’वर तपासून बघू. महाराष्ट्रातल्या जत्रांमधून फिरणाऱ्या तंबू टॉकीजवरचा हा माहितीपट २०१६ साली कान महोत्सवात दाखवला गेला.

आधी त्याचं बळ सांगू. फिल्म्स डिव्हिजनने १९४८पासून आपल्याला खेडं दाखवलं, पण बहुतेक वेळा खेड्याच्या वतीने बोलायचा तो एक भारदस्त आवाज. नांगर शेतकऱ्याने धरायचा आणि त्याचा अर्थ दुसऱ्याच कुणी सांगायचा. इथे तो आवाज नाही. माळरानावर जुनाट ट्रक येऊन थांबतो, तंबू ठोकला जातो आणि मोकळ्या जागेचं थिएटर होतं. पाऊस झाला, चिखल झाला, की धंदा बसला. जमीन, हवामान आणि पोट यांचं नातं कुणी समजावून न सांगता कळतं. हे सोपं काम नाही.

मग आमचा आक्षेप कुठे आहे? सांख्यांनी पुरुषाला साक्षी म्हटलं, द्रष्टा म्हटलं आणि त्याच दमात अकर्ताही म्हटलं. कॅमेऱ्याला पहिली दोन विशेषणं चालतील, तिसरं चालत नाही. कित्येक वर्षांचं चित्रण दीड तासात बसवायचं, तर काय ठेवायचं हे कुणीतरी ठरवलेलं असतं. इथला कौल यंत्राच्या बाजूने आहे. प्रोजेक्टर, त्याच्यावर जीव टाकणारा कारागीर, फिल्म जाऊन डिजिटल आल्याची हुरहुर. त्यावर आमचाही जीव जडला. पण तंबूतला प्रेक्षक दिवसभर कुणाच्या रानात राबून आला, तिकिटाचे पैसे कुठून आले, हे मागे पडतं. उरतात ते पडद्याच्या उजेडातले चेहरे. याच प्रेक्षकांच्या छायाचित्रांसाठी मधेशियांना २०११ साली वर्ल्ड प्रेस फोटोचं पारितोषिक मिळालं होतं. ते चेहरे सुंदर आहेतच, पण चेहरा म्हणजे आयुष्य नव्हे. शहरी प्रेक्षकाला खेडं मावळतानाच जास्त आवडतं. जे संपतंय त्याची हळहळ वाटते, ते कशामुळे संपतंय हे विचारायचं राहून जातं.

वाघोलीत हे बोलायला कारण आहे. इथल्या दगडखाणींनी डोंगर पोखरले, त्या खडीवर शहर वाढलं आणि २०२१ साली हे गावच महापालिकेत गेलं. उद्या कुणी इथे येऊन उजाड खाणीवरचा संधिप्रकाश तेवढा टिपला, तर चित्र देखणं येईल. पण खडी कुणी फोडली आणि कुणाच्या इमारतीला लागली? त्यासाठी निवेदन नको. खाणीतून निघालेल्या एका ट्रकमागे कॅमेरा बांधकामापर्यंत गेला, तरी पुरे.

तेव्हा निरीक्षणाची पद्धत सोडा, असं आमचं म्हणणं नाही. दिग्दर्शकाने आपण कर्ते आहोत हे मान्य करावं आणि आपण प्रेक्षकांनी चौकटीबाहेर काय राहिलं ते विचारावं. चित्रपट पाहिला नसेल तर जरूर पाहा, आणि मग आमच्याशी भांडायला या.