हिमालयातील हिम आणि ओझरचा पाऊस : हवामानविषयक ग्रंथांतील प्रमाणाचा प्रश्न

जुन्नर तालुक्यातील ओझर येथे हिम पडत नाही. तथापि भारतातील मोसमी पावसाचे जे पहिले शास्त्रीय अंदाज वर्तविण्यात आले, त्यांचा आधार हिमालयावरील हिम हाच होता. हेन्री ब्लॅनफर्ड यांनी १८८४ मध्ये हिमालयातील हिमवृष्टी आणि भारतातील अवर्षण यांचा संबंध मांडणारा निबंध प्रसिद्ध केला. १८७६ ते १८७८ या काळातील भीषण दुष्काळाची पार्श्वभूमी त्यामागे होती. हिवाळ्यात व वसंतात हिम अधिक साचले, की पुढील मोसम दुबळा होतो, असे त्यांचे प्रतिपादन होते. त्यामागील कार्यकारणभाव समजण्यास कठीण नाही. साचलेले हिम सूर्यप्रकाश परावर्तित करते आणि ते वितळण्यात उष्णता खर्च होते. त्यामुळे भूभाग उशिरा तापतो आणि समुद्रावरून येणाऱ्या वाऱ्यांचा जोर कमी पडतो. प्रस्तुत लेखात या विचारातून घडलेल्या हवामानविषयक लेखनाकडे ओझर-जुन्नर परिसरातील वाचकाच्या दृष्टीने पाहिले आहे.

ब्लॅनफर्ड यांचा १८८९ सालचा भारत, सिलोन व ब्रह्मदेश यांच्या हवामानावरील मार्गदर्शक ग्रंथ आजही वाचनीय वाटतो, तो त्यातील सिद्धांतापेक्षा निरनिराळ्या प्रदेशांच्या वर्णनांमुळे. त्यांच्यानंतरच्या काळात मात्र या शास्त्राचा कल बदलला. १९०४ मध्ये हवामान विभागाची सूत्रे हाती घेणारे गिल्बर्ट वॉकर हे गणिती होते. जगभरातील निरीक्षणांचे परस्परसंबंध तपासून त्यांनी अंदाजाची समीकरणे बसविली. हिमालयातील हिम हा त्यांतील अनेक घटकांपैकी एक घटक झाला. पुढे १९८८ मध्ये वसंत गोवारीकर व त्यांच्या सहकाऱ्यांनी सोळा घटकांचे प्रतिमान सिद्ध केले, त्यातही हिमालयावरील व युरेशियावरील हिमाच्छादनाला स्थान होते. २००२ साली देशात सरासरीच्या ८१ टक्केच पाऊस झाला. सामान्य पाऊस वर्तविणारे हे प्रतिमान त्या वर्षी अपुरे ठरले आणि २००३ पासून नव्या प्रतिमानांकडे वळणे भाग पडले. घटक बदलले, गणित बदलले. एक गोष्ट मात्र दीर्घकाळ बदलली नाही. उत्तर संपूर्ण देशासाठी, किंवा फार तर त्याच्या मोठ्या विभागांसाठी, एका आकड्यात मिळत असे.

हवामानविषयक लोकप्रिय ग्रंथांनी हाच आकडा मध्यवर्ती मानला. पी. के. दास यांचे मोसमी वाऱ्यांवरील इंग्रजी पुस्तक नॅशनल बुक ट्रस्टने १९६८ मध्ये प्रसिद्ध केले. सामान्य वाचकासाठी लिहिलेल्या अशा पुस्तकांत ते आदर्श म्हणावे लागेल, कारण अवघड भौतिकी सोपी करताना त्यात ती खोटी होत नाही. मराठीतही पाठ्यपुस्तकांतून मोसमी वाऱ्यांची यंत्रणा नीट समजावलेली आढळते. उणीव आहे ती प्रमाणाच्या जाणिवेची. एवढ्या मोठ्या यंत्रणेतून एका गावाच्या वाट्याला काय येते, हा प्रश्न या लेखनात सहसा उपस्थित होत नाही.

जुन्नर तालुका हे याचे उत्तम उदाहरण होय. नाणेघाट व माळशेजच्या बाजूला घाटमाथ्यावर मुसळधार पाऊस कोसळतो. तेथून पूर्वेला जेमतेम चाळीस-पन्नास किलोमीटरवर, कुकडीकाठच्या ओझरपर्यंत येताना वारे उतरणीला लागतात, तापतात, कोरडे होतात आणि पाऊस कित्येक पटींनी घटतो. येडगाव धरणात साठणारे पाणी मुख्यत्वे त्याच नदीच्या वरच्या खोऱ्यातले. म्हणजे ओझरच्या शेतकऱ्याला दोन पावसांचा हिशेब ठेवावा लागतो : शिवारात पडलेल्या आणि घाटावर पडलेल्या. देशाची ८७ सेंटिमीटर ही मोसमी सरासरी या दोहोंपैकी कशाशीच जुळत नाही.

२०१४ या वर्षाने तर या सरासरीची मर्यादा क्रूरपणे दाखवून दिली. फेब्रुवारी-मार्चमध्ये महाराष्ट्रात गारपिटीने उभी पिके झोडपली. पुढे मोसम उशिरा व अशक्त आला. देशाच्या हिशेबी ते वर्ष सरासरीच्या ८८ टक्क्यांवर, तुटीचे म्हणून नोंदले गेले. त्याच तुटीच्या वर्षी ३० जुलै रोजी अतिवृष्टीनंतर शेजारच्या आंबेगाव तालुक्यातील माळीण गावावर डोंगर कोसळला आणि दीडशेहून अधिक माणसे गाडली गेली. हवामानविषयक पुस्तकात ‘तूट’ आणि ‘माळीण’ हे दोन शब्द एकाच पानावर कसे येऊ शकतात, हे ज्याला समजावता येत नाही, त्या लेखकाने मोसमी पाऊस समजावला असे म्हणणे कठीण आहे.

या उणिवेवर पंचांग हा उपाय असल्याचे कधीकधी सुचविले जाते. त्यातील अर्धे सत्य मान्य करावयास हवे. सूर्यनक्षत्रे सौर असल्याने त्यांच्या तारखा दरवर्षी जवळपास त्याच येतात. एकेक नक्षत्र तेरा-चौदा दिवसांचे असते आणि पेरणी, कोळपणी यांच्या नियोजनाला हा टप्पा सोयीचा आहे. पुनर्वसूचा तरणा, पुष्याचा म्हातारा ही नावे पिढ्यान्‌पिढ्यांच्या निरीक्षणातून आली आहेत. परंतु नक्षत्राचे वाहन बेडूक की उंदीर, हे सूर्य व चंद्र यांच्या नक्षत्रांतील अंतराला नवाने भागून उरलेल्या बाकीवरून ठरते. ही बाकी नाणेघाटाला आणि ओझरला एकच! प्रादेशिक भेद पुसून टाकण्याचा जो दोष प्रतिमानाच्या आकड्यावर येतो, तो वाहनावर अधिकच येतो. शिवाय प्रतिमान चुकल्यावर दुरुस्त केले जाते, वाहन केले जात नाही.

साहित्याने या विषयाला वेगळ्या वाटेने स्पर्श केला. जयंत नारळीकरांच्या ‘हिमप्रलय’ या विज्ञानकथेत मुंबईत बर्फ पडते आणि वसंत चिटणीस या शास्त्रज्ञाच्या, पूर्वी दुर्लक्षिलेल्या इशाऱ्याकडे जगाला वळावे लागते. कथेचे बळ तिच्या स्थळात आहे. हिमयुगाची संकल्पना पाठ्यपुस्तकात अमूर्त राहते. परिचयाच्या शहरावर हिम उतरले, की ती वाचकाच्या अंगणात येते. मराठीत गार, दव, दहिवर, धुके यांना घरचे शब्द आहेत, पण पडणाऱ्या हिमासाठी रोजच्या बोलण्यात फारसीतून आलेल्या ‘बर्फ’ शब्दाचाच आधार घ्यावा लागतो. महाबळेश्वरला वेण्णा तलावाकाठी दव गोठले, की वृत्तपत्रे त्यालाही हिमवर्षाव म्हणून मोकळी होतात. असा शब्दांचा घोळ असताना हिम व मोसमी पाऊस यांचा संबंध स्थानिक वाचकाला पटविणे सोपे नव्हे.

आता सामग्रीची सबब पुढे करता येणार नाही. महावेध प्रकल्पामुळे महसूल मंडळांच्या पातळीवर स्वयंचलित हवामान केंद्रे उभी राहिली आहेत. जुन्नरच्या पश्चिमेकडील आणि पूर्वेकडील मंडळांच्या नोंदी शेजारी शेजारी ठेवून, कुकडीच्या एका खोऱ्यापुरते लिहिलेले पुस्तक भूगोल व मराठी या दोन्ही विभागांच्या प्राध्यापकांना मिळून सिद्ध करता येईल. त्यात हिमालयातील हिमाला एखादे प्रकरण पुरे. घाटमाथ्यावरून ओझरपर्यंतच्या उतरणीला मात्र निम्मे पुस्तक द्यावे लागेल.